वीत टाकत चालणारी अळी

पावसाळ्यात शहापूर-मुरबाडकडे ओटीवरच्या दिव्याभोवती पतंग जमतात. त्यांत भिंतीला पंख सपाट चिकटवून बसलेला एखादा नीट पाहा. चारही पंख उघडे, आणि पुढच्या पंखावरची नक्षीची रेघ तशीच मागच्या पंखावर गेलेली. तो बहुधा जिओमेट्रिडी कुळातला.

याची खरी गंमत अळीत आहे. बहुतेक पतंगांच्या अळ्यांना छातीशी तीन जोड्या खरे पाय आणि पोटाखाली पाच जोड्या मांसल पाय असतात. हिला मांसल पायांच्या सहसा दोनच जोड्या, त्याही पार शेपटाकडे. मधे आधारच नाही. म्हणून ती पुढचे पाय रोवते, पाठीची कमान करून मागचे पाय पुढे ओढते, आणि वीत टाकल्यागत फांदी मोजत जाते. धोका वाटला की मागच्या पायांवर ताठ उभी राहते. मग काटकी कोणती नि अळी कोणती, पाखरालाही कळत नाही!

जगात या कुळाच्या तेवीस हजारांच्या आसपास जाती आहेत. जवळपास निम्म्या एन्नोमिनी उपकुळात, तर हिरवेगार पतंग जिओमेट्रिनीत. भारतातल्या जातींची सविस्तर मांडणी जॉर्ज हॅम्पसन यांनी १८९५ च्या ग्रंथात केली.

काही जातींचा पसारा थक्क करणारा आहे. हायपोसिड्रा टलाका भारतापासून ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँडपर्यंत सापडते. आसामच्या चहामळ्यांत तिच्या अळ्या पानांचा फडशा पाडतात. तानसा अभयारण्याच्या किंवा माळशेजच्या वाटेवर अशी काटकी हललेली दिसली, तर हात न लावता थोडं थांबा, तिची चाल बघा.