मोटारींतील वितळतार



साल १९९४, आषाढ महिना. कोल्हापुराहून रत्नागिरीस आम्ही माझ्या मेहुण्यांच्या जुन्या फियाट गाडीनें निघालों होतों. मेहुणे, माझी बहीण, माझी सहा वर्षांची मुलगी आणि मी. आंबा घाटाच्या माथ्यावर आलों तेव्हां रात्रीचे आठ वाजून गेले होते आणि धुकें असें दाट कीं कडेचे पांढरे दगड अगदीं जवळ आल्यावांचून दिसत नव्हते. पहिल्याच मोठ्या वळणावर गाडीचे पुढचे दिवे गेले. मेहुण्यांनीं गाडी कशीबशी डोंगराच्या अंगाला घेतली. हातांतल्या बॅटरीच्या उजेडांत पाहिलें तों फ्यूज उडालेला, आणि जवळ दुसरा नाहीं.

तेव्हां मीं, म्हणजे मुलांना दरवर्षीं विद्युत्प्रवाहाचा धडा शिकविणाऱ्या मास्तरानें, एक शहाणपण केलें. मेहुण्यांच्या सिगारेटच्या पाकिटांतला चंदेरी कागद काढला, तो उडालेल्या फ्यूजभोंवतीं गुंडाळला आणि फ्यूज जागेवर बसवला. दिवे लागले. माझें कौतुकही झालें. घाट उतरून साखरप्याजवळ आलों तों गाडींत रबर जळाल्याचा वास येऊं लागला, आणि मागून मुलगी म्हणाली, "बाबा, धूर." तिला बाहेर ओढून पान्यानें बॅटरीची तार सोडवीपर्यंत डॅशबोर्डाखालच्या तारांचा अर्धा जुडगा वितळून एकमेकांना चिकटला होता. आणखी दोन मिनिटें गेलीं असतीं तर आज हें भाषण दुसऱ्या कोणीं तरी केलें असतें.

मागाहून कळलें तें असें. उजव्या दिव्यामागील तारेचें आवरण पत्र्याच्या धारेवर घासून गेलें होतें. गाडी हादरली कीं ती उघडी तार पत्र्याला टेके. घाटांत ती अधूनमधून टेकत होती. खालीं उतरल्यावर टेकली ती टेकलीच. फ्यूजनें पहिल्याच वेळीं आपलें काम चोख केलें होतें. मीं त्याचें तोंड बंद केलें.

शाळेच्या पुस्तकांत या वस्तूस 'वितळतार' म्हणतात. मला तें नांव फार आवडतें, कारण तिचा सगळा धर्म त्या एका शब्दांत आला आहे. तारेंतून प्रवाह वाहूं लागला कीं ती तापते, आणि प्रवाह दुप्पट झाला तर उष्णता दुप्पट नव्हे, चौपट होते. म्हणून वाटेंत एक अशी जागा मुद्दाम ठेवावयाची, कीं प्रवाह मर्यादेबाहेर गेला तर ती सर्वांआधीं वितळावी आणि वाट तुटावी. आजच्या मोटारींतील फ्यूजची पट्टी बहुधा जस्ताची असते. जस्त सुमारें ४२० अंश सेंटिग्रेडला वितळतें. तांब्याला १०८० अंशांहूनही अधिक उष्णता लागते. फ्यूजच्या जागीं तांब्याची तार बसवणारा मनुष्य काय करतो, हें या दोन आंकड्यांवरून समजावें. तांबें वितळण्यापूर्वीं गाडींतल्या साऱ्या तारांचीं आवरणें पेटून जातील.

आतां थोडें गणित करूं. मास्तराला त्यावांचून चैन पडत नाहीं. गाडीची बॅटरी १२ व्होल्टची. पुढच्या साध्या हॅलोजन दिव्याचा खालचा झोत ५५ वॅटचा. पंचावन्नास बारांनीं भागलें कीं साधारण ४.६ अँपिअर येतात. अशा एका दिव्याच्या वाटेवर पुष्कळ गाड्यांत १० अँपिअरचा फ्यूज असतो, आणि डाव्या व उजव्या दिव्याला तो निरनिराळा असतो, म्हणजे दोन्ही दिवे एकदम जाऊं नयेत. फ्यूजवर सतत पडणारा भार त्याच्या आंकड्याच्या सुमारें तीन चतुर्थांशापेक्षां अधिक नसावा, असा संकेत आहे. म्हणजे दहाच्या फ्यूजवर साडेसात. आतां कोणी हौशी गृहस्थ बाजारांतून १०० वॅटचे दिवे आणून बसवतात. शंभरास बारांनीं भागा: ८.३ अँपिअर. फ्यूज लगेच उडत नाहीं, पण रोज थकतो, आणि एके दिवशीं घाटांत जातो. मग गृहस्थ दहाच्या जागीं वीसचा बसवतात आणि फ्यूजची कटकट मिटली म्हणून निश्चिंत होतात. कटकट मिटलेली नसते, ती तारेकडे गेलेली असते. कारण तार मूळच्या दिव्याच्याच बेताची आहे. ज्या नव्या गाड्यांत एलईडी दिवे आहेत तेथें हे आंकडे याहून पुष्कळ लहान येतील, पण न्याय तोच.

फ्यूज थोड्याशा अधिक भाराला लगेच तुटत नाहीं, हेंही ध्यानांत ठेवण्यासारखें आहे. दहाच्या फ्यूजमधून साडेतेरा अँपिअर वाहूं लागले तर त्याला तुटण्यास दहा मिनिटेंही लागूं शकतात. वीस वाहूं लागले तर पांच सेकंदांच्या आंत काम होतें. आणि तार थेट पत्र्याला टेकली तर डोळ्याचें पातें लवण्याच्या आंत. ही सवलत मुद्दाम ठेवलेली आहे, कारण मोटर चालू होतांना क्षणभर जास्त प्रवाह ओढते; तेवढ्यानें फ्यूज उडूं लागला तर गाडी चालवणेंच कठीण होईल.

फ्यूज कोठें असतात, हा प्रश्न मला नेहमीं विचारण्यांत येतो. बहुतेक गाड्यांत दोन पेट्या असतात. एक गाडीच्या आंत. आपल्याकडील पुष्कळ गाड्यांत ती स्टिअरिंगच्या खालीं, चालकाच्या उजव्या गुडघ्याजवळ एका प्लॅस्टिकच्या झांकणामागें असते, कांहींत डाव्या बाजूच्या खणामागें. दुसरी बॉनेटखालीं, बॅटरीच्या शेजारीं, काळ्या झांकणाची. आंतल्या पेटींत रेडिओ, आंतले दिवे, चार्जरचें भोंक, वायपर अशा गोष्टींचे फ्यूज बहुधा असतात. बाहेरच्या पेटींत पुढचे दिवे, भोंगा, एंजिन थंड करणारा पंखा. पण ही वांटणी गाडीगणिक बदलते. कोणता फ्यूज कशाचा, याचा नकाशा कित्येक गाड्यांत झांकणाच्या आंतल्या अंगास छापलेला असतो, आणि गाडीबरोबर मिळालेल्या पुस्तकांत तो हमखास असतो. हें पुस्तक आपल्याकडे प्लॅस्टिकच्या पिशवींतून बाहेर न काढतांच दुसऱ्या मालकाकडे जातें, तो भाग निराळा. निदान तें एक पान आज रात्रीं उघडून पाहावें. भर पावसांत, अंधारांत, चष्म्यावर पाणी असतांना तें पहिल्यानें वाचण्याची पाळी येऊं नये.

फ्यूज बदलण्याचें काम अवघड नाहीं. प्रथम गाडी बंद करून किल्ली काढावी. जें यंत्र बंद पडलें त्याचें बटणही बंद करावें. पेटींतच बहुधा प्लॅस्टिकचा लहानसा चिमटा खोंचलेला असतो. त्यानें फ्यूज धरून सरळ ओढावा. वांकडा करून उपटूं नये, त्यानें खालच्या पकडी सैल होतात आणि सैल पकड स्वतःच तापूं लागते. लोखंडी पक्कड पेटींत घालूं नये. बाहेर काढलेला फ्यूज उजेडाकडे धरला कीं त्याच्या रंगीत अंगांतून आंतली कमानीसारखी पट्टी दिसते. ती अखंड असेल तर फ्यूज शाबूत, दोष दुसरीकडे. तुटलेली असेल, किंवा प्लॅस्टिक आंतून काळवंडलें असेल, तर गेला. एखाद्या वेळीं चीर इतकी बारीक असते कीं डोळ्याला दिसत नाहीं. शंका आल्यास तेवढ्याच आंकड्याचा चांगला फ्यूज घालून पाहावा.

रंगांचा संकेत जवळजवळ सर्वत्र एकच आहे. ५ अँपिअरचा फिकट तपकिरी, साडेसातचा गडद तपकिरी, १० चा तांबडा, १५ चा निळा, २० चा पिवळा, २५ चा पांढरा, ३० चा हिरवा. परंतु रात्रीच्या उजेडांत रंग फसवतात. डोक्यावर छापलेला आंकडा वाचावा. दुकानांत जातांना जुना फ्यूज खिशांत घेऊन जावें, कारण एकाच आंकड्याचे फ्यूज तीन-चार आकारांत मिळतात आणि "मारुतीचा फ्यूज द्या" एवढ्यानें भागत नाहीं. आमच्या त्या फियाटमध्यें हा प्रकार नव्हता. तेथें चिनी मातीची लहान कांडी, तिच्या अंगावर उघडी पट्टी आणि दोन्ही टोकांना धातूच्या टोप्या. चंदेरी कागद गुंडाळण्याचा मोह त्या रचनेनेंच होई. आजचा पात्यांचा फ्यूज १९७० नंतरच्या दशकांत निघाला, आणि त्याचा मला दिसणारा मोठा गुण म्हणजे त्याच्याशीं असा चावटपणा करणें कठीण आहे. अशक्य मात्र नाहीं.

नवा फ्यूज घातला आणि तोही तत्काळ उडाला, तर तिसरा घालूं नये. येथें फ्यूज संपला आणि शोध सुरू झाला. चार्जरच्या भोंकांत एखादें नाणें पडलेलें असतें. लहान मुलें तें पेटीसारखें वापरतात. त्या नाण्यानें आंतलें टोंक आणि कडा जोडली गेली कीं फ्यूज जातो, आणि कित्येकदां त्याच फ्यूजवर असलेला रेडिओ किंवा आरशांचीं बटणेंही बंद पडतात. मग लोक रेडिओ दुरुस्तीस नेतात! पावसाळ्यांत उंदीर एंजिनाच्या उबेला येऊन तारा कुरतडतात, हें दुसरें कारण. मागाहून लावून घेतलेले मोठे भोंगे आणि शोभेचे दिवे हें तिसरें. त्यांची जोड पुष्कळदां मूळच्या तारेला दातांनीं सोलून दिलेली असते.

कांहीं गोष्टींना मात्र हात लावूं नये. पेटींत फ्यूजशेजारीं काळे चौकोनी ठोकळे असतात, ते फ्यूज नव्हेत, रिले आहेत. बॅटरीजवळचे स्क्रूनें आवळलेले जाड फ्यूज कारागिरासाठीं सोडावेत. अपघातांत फुगणाऱ्या हवेच्या पिशवीचा फ्यूज घरीं काढून पाहण्याचा नाहीं. आणि विजेवर चालणाऱ्या नव्या गाड्यांत जाड नारिंगी तारा दिसतील. त्यांत कित्येक शें व्होल्टचा दाब असतो. त्या गाड्यांतही दिव्यांसाठीं व वायपरसाठीं १२ व्होल्टची निराळी व्यवस्था बहुधा असते, आणि मीं सांगितलें तें सारें तेवढ्यापुरतेंच.

गेल्या पावसाळ्यांत कऱ्हाडाहून चिपळुणास जातांना पुन्हां असाच प्रसंग आला. गाडी माझ्या मुलीची होती आणि तीच चालवीत होती. "बाबा, धूर" म्हणणारी तीच ही. कुंभार्ली घाटांत वायपर थांबला. मागून आलेल्या एका ट्रकचालकानें भल्या मनानें तांब्याच्या तारेचा तुकडा देऊं केला. तिनें त्याचे आभार मानले, तार घेतली नाहीं, आणि छत्री माझ्या हातीं देऊन प्रथम समोरची कांच तपासली. गाडी आदल्या रात्रीं झाडाखालीं उभी होती. ओल्या पानांचा थर कांचेच्या तळाशीं दाबून बसला होता आणि वायपरचा दांडा त्यांत अडकला होता. अडकलेली मोटर फिरणाऱ्या मोटरच्या कितीतरी पट प्रवाह ओढते. तिनें पानें हातानें उपसून काढलीं, दांडा मोकळा झाला असें पाहिलें, आणि मग फ्यूजची पेटी उघडली. वायपरचा फ्यूज निळा, पंधराचा. जवळ सुटा एकही नाहीं. जादा फ्यूज कोणीं तरी पूर्वींच वापरून टाकलेले. तिनें नकाशा पाहिला, रेडिओच्या ओळीवर बोट ठेवलें. तोही पंधराचाच, आणि आकारही तोच. तो काढून वायपरच्या जागीं बसवला, आणि कांच पुसली जाऊं लागली.

आकाशवाणीवरून हें सांगतांना थोडा संकोच वाटतो. बाजारांतून नवा फ्यूज आणीपर्यंत तीन दिवस तिच्या गाडींतला रेडिओ मुका होता, आणि त्या आठवड्याचें येथील भाषण आमचें ऐकावयाचें राहून गेलें.