वाघबकरीच्या सोंगट्या

श्रोतेहो, आजच्या माझ्या भाषणाचा विषय ऐकून आपणांपैकी काहींना वाटेल की, निवृत्त मास्तराचा वेळ जाता जात नाही म्हणून त्याने हा पोरखेळ आरंभिला आहे. आक्षेप निम्मा खरा आहे. मी आटगावास राहतो. कल्याणहून कसाऱ्याकडे निघालेली गाडी आसनगाव सोडून पुढे आली की डोंगर जवळ येऊ लागतात, तेथे आमचे लहानसे स्टेशन आहे. मॅट्रिक होऊन मास्तरकी पत्करली आणि शहापूर व मुरबाड या दोन तालुक्यांच्या शाळांतून मुलांना पाढे व शुद्धलेखन शिकविण्यात आयुष्य गेले. आता सायंकाळी ओटीवर बसून मुलांबरोबर वाघबकरी खेळतो. गेल्या दिवाळीत मी या खेळासाठी प्लास्टिकचे वाघ आणि प्लास्टिकच्या बकऱ्या विकत आणल्या. त्या खरेदीचा वृत्तान्त आपणांस सांगावयाचा आहे.

ही बुद्धी मला स्वतः होऊन सुचली नाही. माझा नातू डोंबिवलीस असतो. त्याच्या वयाच्या तरुणांत पटावरचे विलायती खेळ अलीकडे फार बोकाळले आहेत. रविवारी पाच-सहा मित्र एकत्र जमतात, मेजावर भलामोठा पुठ्ठ्याचा पट पसरतात आणि चार-चार तास राज्ये मिळविण्यात व गमाविण्यात दंग असतात. मोबाइल बाजूला ठेवून माणसे समोरासमोर बसतात, एवढ्यासाठी मला ते खेळ आवडतात. अशा एका खेळाची पेटी नातवाने घेतली होती. तिच्यात सैन्य, गलबते, राक्षस वगैरे सर्व काही होते, पण ते चित्रे छापलेल्या पुठ्ठ्याच्या चकत्यांच्या रूपाने. पुढे काही दिवसांनी टपालाने दुसरी पेटी आली. तिच्यात त्याच सैन्याच्या, त्याच गलबतांच्या आणि राक्षसांच्या बोटभर उंचीच्या प्लास्टिकच्या मूर्ती होत्या. चकती उचलावयाची आणि तिच्या जागी मूर्ती उभी करावयाची, एवढाच त्यांचा उपयोग. नियम एकही बदलत नाही, डाव एकही वाढत नाही, आणि या दुसऱ्या पेटीची किंमत पहिलीहून अधिक!

मी मास्तराच्या स्वभावास अनुसरून विचारले, "अरे, मग खेळ सुधारला तो कोणता?"

तो म्हणाला, "आजोबा, खेळ तोच आहे. पण आता तो दिसतो."

हे उत्तर मला त्या वेळी पटले नाही. परंतु ते डोक्यातून जाईनाही. विचार करू लागलो तेव्हा ध्यानात आले की हा हव्यास आजचा नव्हे. फत्तेपूर सिक्रीच्या वाड्यात फरसबंदीवर आखलेला पचिशीचा पट आहे. अकबर बादशहा त्याच्यावर सोंगट्यांच्या ऐवजी दासींना उभे करून खेळत असे, असे तेथील वाटाडे सांगतात. त्याच पचिशीला पुढे इंग्लंडात १८९६ साली 'लुडो' हे नाव व साधे रूप मिळाले आणि तिच्या सोंगट्या रंगीत बटणांवर आल्या. एच. जी. वेल्स या प्रसिद्ध इंग्रज ग्रंथकाराने तर कथिलाच्या शिपायांनी लढाया खेळण्याचे नियम रचून १९१३ साली 'लिटल वॉर्स' नावाचे पुस्तकच प्रसिद्ध केले. आजच्या प्लास्टिकच्या योद्ध्यांचे आजोबा ते कथिलाचे शिपाई होत. प्लास्टिकचे गणित मात्र निराळे. पोलादाचा साचा एकदा खोदावयाचा, तो फार महाग पडतो. मग वितळलेले प्लास्टिक त्यात दाबाने भरून एकासारख्या एक हजारो मूर्ती काढावयाच्या, त्या स्वस्त पडतात. म्हणून एका पेटीतील वीस शिपायांची नाके तंतोतंत सारखी असतात.

याच्या उलट उदाहरण बुद्धिबळाचे आहे. आज स्पर्धांतून सर्वत्र दिसतो तो मोहऱ्यांचा घाट लंडनच्या जॅक्स कारखान्याने १८४९ साली विक्रीस आणला. नेथनिएल कुक याच्या नावे तो नोंदलेला होता आणि हॉवर्ड स्टाँटन या त्या काळच्या नामांकित खेळाडूचे नाव त्यास दिले गेले. त्यापूर्वीचे नक्षीदार मोहरे नाजूक होते, पटकन कलंडत आणि एकमेकांपासून ओळखू येत नसत. नव्या घाटात नक्षी छाटली आणि बुडाशी वजन दिले. आपल्याकडे त्यातील हत्तीला सोंड नाही आणि उंटाला मानही नाही, तरी तिसरीतला मुलगासुद्धा त्यांना हत्ती व उंटच म्हणतो. सावंतवाडीच्या गंजिफांचे काय झाले तेही पाहावे. दशावतारी गंजिफांचा डाव १२० पानांचा. प्रत्येक वाटोळे पान हाताने रंगविलेले. ही कला मरू लागली तेव्हा तेथील राजघराण्याने ती जगविली, हे त्यांचे मोठेच उपकार आहेत. परंतु आज ती पाने घेणारा मनुष्य ती बहुधा चौकटीत बसवून भिंतीवर लावतो. डाव मांडीत नाही. सोंगटी फार सुंदर झाली की हात आखडतो.

इतके सर्व कळत असूनही मी खरेदीस निघालो, हे मनुष्यस्वभावाला धरूनच झाले.

आता ज्यांनी वाघबकरी पाहिली नसेल त्यांनी क्षणभर डोळे मिटून मनाशी एक चौकोन आखावा. त्यात पाच उभ्या आणि पाच आडव्या रेघा; म्हणजे पंचवीस छेद झाले. शिवाय काही तिरप्या रेघा. या खेळाचे पट व नियम गावागणिक बदलतात. मी सांगतो तो आमच्या ओटीवरचा, आणि नेपाळात 'बाघचाल' म्हणून जो खेळतात तोही असाच. चार कोपऱ्यांवर चार वाघ बसतात. बकऱ्या वीस, त्या एकेक करून पटावर उतरावयाच्या आणि सगळ्या उतरेपर्यंत एकीनेही जागा सोडावयाची नाही. वाघाने शेजारच्या बकरीवरून पलीकडच्या रिकाम्या छेदावर उडी मारली की ती बकरी मेली. पाच बकऱ्या मेल्या की वाघ जिंकले. चारही वाघांना हलण्यास जागा उरली नाही की बकऱ्या जिंकल्या. बळ एका बाजूस आणि संख्या दुसऱ्या बाजूस, असा हा विषम सामना आहे. नवशिक्या मनुष्य वाघ मागतो. मुरलेला खेळाडू बकऱ्या घेतो.

या खेळाला लागते काय? खडू किंवा कोळसा, चार मोठे खडे आणि वीस चिंचोके. मुरबाड तालुक्यातून नाणेघाट चढून जुन्नरकडे जाताना कातळावर खेळांचे पट कोरलेले आढळतात, कोठे रेघांचे तर कोठे खळग्यांचे. मुलांची सहल घेऊन मी अनेकदा तेथे गेलो आहे. सातवाहनांच्या काळापासून वाहत्या असलेल्या त्या घाटात तांडे थांबले की माणसे कातळावरच बसत असतील. पट शिल्लक राहिला. सोंगट्या मात्र कोणाच्या राहतील? त्या पायाखालून उचलल्या आणि पायाखालीच टाकल्या.

मी मात्र सोंगट्यांसाठी आटगावाहून सुमारे ९५ किलोमीटर गाडीने मुंबईस गेलो आणि क्रॉफर्ड मार्केटच्या आसपासची खेळण्यांची दुकाने पालथी घातली. तेथे समजले की कारखानदाराला वाघबकरी ठाऊक नाही. वाघ हवा असेल तर 'जंगली प्राण्यांचे' पाकीट घ्यावे लागते आणि त्यात वाघ एकच. बाकी जिराफ, पाणघोडा, सुसर इत्यादी मंडळी. बकरी 'शेतावरच्या प्राण्यांत', तीही एकच, सोबत डुक्कर आणि ठिपक्यांची विलायती गाय. या हिशेबाने चार वाघ व वीस बकऱ्या जमविण्यासाठी चोवीस पाकिटे घेऊन मला अर्धे प्राणिसंग्रहालय घरी आणावे लागले असते. शिवाय एका पाकिटातील बकरी दुसऱ्या पाकिटातील वाघापेक्षा वीतभर नव्हे, तरी बोटभर उंच! शेवटी एका दुकानदाराला दया आली. त्याने माळ्यावरून सुट्या प्राण्यांचे पोते काढून माझ्यापुढे ओतले. दीड तास वेचून चार वाघ, अठरा बकऱ्या आणि दोन मेंढ्या मिळाल्या. ४८० रुपये झाले. मेंढ्यांचे पैसे कमी घ्या म्हणालो, ते त्याने ऐकले नाही.

पहिल्या दिवशी ओटीवर गर्दी लोटली. नातू म्हणाला होता ते खरे ठरले. खेळ दिसू लागला. पूर्वी ज्या मुलांना चार घरे पुढचे कळत नसे, त्यांनाही बकऱ्यांनी वेढलेला वाघ पाहताच उमगू लागले की याला वाट नाही. नवीन मुलांना नियम शिकविण्यास पूर्वी मला दोन संध्याकाळ लागत, आता एक पुरली. अडचण एवढीच की वाघाचे चार पाय एका छेदावर मावत नसत आणि शेजारची बकरी धक्क्याने आडवी होई. ती मेली की पडली यावरून भांडणे होत.

आमच्या ओटीवर येणाऱ्या मुलांत तानशाच्या जंगलाच्या कडेच्या ठाकरवाडीतील एक नऊ-दहा वर्षांची मुलगी आहे. चिंचोक्यांच्या दिवसांत बकऱ्या घ्याव्यात तर तिनेच. तिची रीत अशी की पहिल्या दोन बकऱ्या ती मुद्दाम वाघाच्या तोंडी देई. वाघ उड्या मारीत कडेला गेला की मागून उरलेल्या बकऱ्यांची फळी बांधी. मी तिच्याशी अनेकदा हरलो आहे. मास्तराने असे जाहीरपणे कबूल करू नये, पण तसे झाले आहे खरे. प्लास्टिकच्या बकऱ्या आल्यापासून ती हरू लागली. ओळीने तीन दिवस हरली. मी लक्ष देऊन पाहू लागलो, तेव्हा दिसले की ती एकही बकरी तोंडी देत नाही. प्रत्येक बकरीला पाठीराखी ठेवू पाहते, त्यामुळे फळी कोठेच पुरी होत नाही आणि वाघ मधूनच शिरतो. त्या वीसांत लोंबत्या कानांची एक तपकिरी बकरी होती. ती उतरावयाची वेळ आली की मुलगी तिला हातातच धरून बसे आणि दुसरी पुढे करी.

मी तिला डावातली चूक समजावून देऊ लागलो. "अग, एक गेली तर चौघी वाचतात, हे तूच मला शिकविलेस ना?"

ती बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "गुरुजी, आमची अशीच होती."

श्रोतेहो, शहरात बसून ऐकणाऱ्यांसाठी दोन शब्द सांगितले पाहिजेत. आमच्याकडे बिबळ्यालाही वाघच म्हणतात. तानशाच्या रानातून तो वाडीवर उतरतो, कुत्री नेतो, बकऱ्या नेतो. वाडीवरच्या घरात बकरी म्हणजे गाठीचा पैसा. दुखणे आले, लग्न निघाले, पोराला आश्रमशाळेत पोचवावयाचे झाले की ती विकावयाची. या मुलीच्या घरची गाभण बकरी गेल्या श्रावणात वाघाने नेली होती. वनखात्याचा पंचनामा झाला, भरपाईचे पैसेही यथाकाल मिळाले, हे मला ठाऊक होते. कारण तो अर्ज मीच लिहून दिला होता. अर्जात बकरीचा रंग लिहिला होता, वय लिहिले होते, अंदाजे किंमत लिहिली होती. तिचे कान कसे होते, हे लिहिण्यास त्यात रकाना नव्हता.

चिंचोका हा नुसता चिंचोका असतो. तो तोंडी देताना मनुष्य फक्त पुढच्या चालीचा विचार करतो, आणि डाव चांगला व्हावयाचा तर तेवढाच विचार हवा. मी हौसेने त्याला कान, शिंगे आणि डोळे विकत आणून दिले आणि त्याबरोबर त्या मुलीच्या हातून तिची चाल काढून घेतली. नातवाच्या राक्षसांना ही अडचण नाही. राक्षस कोणाच्या घरून गेलेला नसतो.

सर्व प्राणी डब्यात भरून ठेवावेत असे मी ठरविले. त्यालाही तिनेच हरकत घेतली. "वाघ राहू द्या. बकऱ्या तेवढ्या चिंचोक्याच्या करा." कारण विचारले तर म्हणाली की वाघ खराच दिसला पाहिजे, म्हणजे तो कोंडला की कोंडला असे वाटते. हा न्याय मला स्टाँटनच्या मोहऱ्यांत सापडला नव्हता.

तेव्हापासून आमच्या पटावर चार प्लास्टिकचे वाघ आणि वीस चिंचोके असतात. मुलगी पुन्हा पहिल्या दोन बकऱ्या वाघाच्या तोंडी देते आणि पुन्हा मी हरतो. अठरा बकऱ्या आणि दोन मेंढ्या बिस्किटांच्या डब्यात आहेत. मध्यंतरी मोजल्या तेव्हा तपकिरी बकरी कमी भरली. मी विचारपूस केलेली नाही. वाघांचे पाय छेदावर मावत नाहीत, ती तक्रार मात्र कायम आहे. त्यासाठी सुताराकडून सागाची फळी रंधून आणली असून दोन छेदांत तीन बोटांऐवजी चार बोटांचे अंतर धरून तिच्यावर रेघा आखावयाचे काम सध्या चालू आहे. तिरप्या रेघा तेवढ्या राहिल्या आहेत.