हुकूम हूकला लटकलाय
(वस्तीतल्या युवक सभेत केलेलं भाषण)



मी गोदीत हमाली करतो. मॅट्रिकपर्यंत शिकलोय. कविता लिहितो, पण आज कविता वाचणार नाही. आज कोर्टाच्या कागदावर बोलायचंय.

गोदीत स्टीलची कॉइल हूकला लटकत असते तोवर ती धक्क्यावर उतरली असं कुणी लिहीत नाही. टेकली की मग टॅली. आपल्या जमिनीचं उलटं. हुकूम निघाला की फायलीत न्याय झाला, जमीन मात्र वरच लटकलेली.

घरचंच सांगतो. गावाकडं आज्याच्या वतनाची दोन एकर, एका बड्यानं दाबलेली. हायकोर्टानं अधिकाऱ्याला हुकूम दिला, तीन महिन्यांत मोजून ताबा द्या. बापानं पेढे वाटले. मग सुरू झाले हेलपाटे. आज मोजणीदार रजेवर, उद्या बंदोबस्त नाही, परवा साहेब मीटिंगला. तीन महिने उलटले, त्यावर दीड वर्ष गेलं. बाप म्हणायचा, साहेब भला माणूस, खुर्ची देतो. शेवटी वकिलाकडं गेलो. तो म्हणाला, उशीर केलात. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्याचं कलम २० म्हणतं, अवमान घडल्यापासून वर्षाच्या आत कारवाई सुरू व्हायला हवी. म्हंजे त्या खुर्चीवर बसवून बापाचं वर्ष खाल्लं!

आणि शिक्षा किती? सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. कोर्टाला पटेल अशी माफी मागितली तर तीही सुटते. अयोध्येच्या २.७७ एकरांवर पक्कं बांधकाम होणार नाही, असा शब्द कोर्टाला दिलेला असताना जुलै १९९२ मध्ये चौथरा उठला. २४ ऑक्टोबर १९९४ ला सुप्रीम कोर्टानं कल्याणसिंगांना शिक्षा दिली. एक दिवस कैद, दोन हजार दंड. भाकरी चोरणाराला यापेक्षा जास्त पडते.

पण दुसरं उदाहरणही ऐका. आंध्रातला गुंटूर जिल्हा. झोपडीवाल्यांना हात लावू नका, असा हायकोर्टाचा हुकूम ११ डिसेंबर २०१३ चा. तरी जानेवारी २०१४ मध्ये तहसीलदारानं पोलीस नेऊन झोपड्या पाडल्या. हायकोर्टानं त्याला दोन महिन्यांची कैद सुनावली. तो वर गेला. मधल्या काळात बढती घेऊन डेप्युटी कलेक्टरही झाला! ९ मे २०२५ ला सुप्रीम कोर्टानं कैद काढली, पण त्याला पुन्हा तहसीलदार केलं आणि एक लाख दंड ठोकला. अकरा वर्षं लागली. पण खुर्ची खाली आली, कारण झोपडीवाल्यांनी कागद सोडला नाही.

म्हणून रडगाणं नको. हुकूम हातात पडला की सही-शिक्क्याची नक्कल काढा. ती कचेरीत द्या, आवक नंबर घ्या. हुकमाची मुदत संपली त्या दिवसापासून वर्ष मोजा. अवमान खुर्ची करत नाही, माणूस करतो. अर्जात त्या माणसाचं नाव घाला. आणि कचेरीत एकट्या म्हाताऱ्या बापाला पाठवू नका. दहाजण जा.

बाबासाहेबांनी आपल्या हातात कायदा दिला, तो फोटोसारखा भिंतीला टांगायला नाही. आमची दोन एकर अजून हूकलाच आहे. नवा अर्ज टाकलाय. पुढच्या तारखेला माझा खाडा पडेल, रोज बुडेल. बुडू दे. कोण कोण येतंय बोला.