होल्याचा भाऊबंद डोडो

कंधारच्या किल्ल्यात घुमणारा पारवा, लातूरकडच्या बांधावरचा होला आणि वडा-पिंपळाची फळं खाणारा आपला राज्यपक्षी हरियल, हे तिघेही कबुतरांच्या कुळातले. जगात या कुळाच्या साडेतीनशेच्या आसपास जाती आहेत. होला पाणी पिताना पाहा: कोंबडीसारखी मान वर न करता तो चोच बुडवून सलग पाणी ओढतो.

याच कुळातले काही पक्षी उडत हिंदी महासागरातल्या बेटांवर पोहोचले. तिथं शिकारी सस्तन प्राणी नव्हते. पिढ्यानपिढ्या अंग वाढलं, पंख आखडले आणि मॉरिशसचा डोडो घडला. १७व्या शतकात माणसं आणि त्यांनी आणलेली डुकरं, उंदीर यांच्यापायी तो नामशेष झाला. २००२ साली प्रसिद्ध झालेल्या डीएनए अभ्यासात त्याचा सर्वांत जवळचा हयात नातेवाईक ठरलं निकोबारी कबूतर. ते आजही आपल्या निकोबार बेटांवर आढळतं.