नातवाचा जामीनदार

(रौप्यमहोत्सवी समारंभातील भाषण)



25 वर्षांपूर्वी आपण अक्कलकोट रोडला राहायला आलो, तेव्हा गेटसमोर मोकळा माळ होता. त्या माळाबद्दलच दोन शब्द बोलतो.

माझ्या नातवाला आपण सगळे ओळखता. इंजिनिअर झाला, पुण्याची नोकरी सोडून आला आणि म्हणाला, "आजोबा, मला निसर्गावर माहितीपट काढायचेत, पायी फिरून. कॅमेऱ्यासाठी कर्ज काढतोय. जामीन राहाल?"

33 वर्षं बँकेत लोकांना 'जामीनदार आणा' सांगणारा मी. त्याला सरळ नाही म्हटलं. परतफेड कशातून करणार? तीन महिने आमचं बोलणं जेवणापुरतंच.

मग एका पहाटे त्यानं मला बार्शी रस्त्यावर नान्नजला नेलं. 1979 साली तिथं माळढोक अभयारण्य झालं. माळढोकची मादी वर्षाला बहुधा एकच अंडं घालते, म्हणून घटलेली संख्या लवकर भरून येत नाही. आता तो पक्षी क्वचितच दिसतो. सातबाऱ्यावर अशी जमीन दिसली की मी 'पडीक' समजून पुढं जायचो. त्याच गवतावर काळवीट, लांडगे, पक्षी जगतात, हे सत्तरीत कळलं!

वनरक्षकाला घेऊन आम्ही चालत निघालो. माझे गुडघे कुरकुरत होते. पोरगा तीन तास गप्प बसून होता. माळढोक दिसलाच नाही. काळविटांचा कळप आला नि गेला. हाती लागलं जेमतेम 40 सेकंदांचं चित्रण. मी म्हटलं, "हा तोट्याचा व्यवहार." तो म्हणाला, "आजोबा, चितमपल्ली सरांनी रानात किती वर्षं काढली?"

मी गप्प. मारुती चितमपल्ली आपल्या सोलापूरचे. 36 वर्षं वनखात्यात, रानोमाळ हिंडून पाहिलं ते मराठीत लिहिलं. 2006 मध्ये इथल्याच साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष, तेव्हा मांडवात मीही होतो. 2025 मध्ये पद्मश्री मिळाली आणि त्याच जूनमध्ये ते गेले. त्यांना निदान सरकारी पगार होता. स्वतंत्र माहितीपट काढणाऱ्याला तोही नाही.

तरी मी सही केली. लग्नाची शूटिंग करून तो हप्ते भरतो. एक हप्ता चुकला, तो मी भरला. लपवत नाही.

आज जेवणानंतर गच्चीवर त्याची 11 मिनिटांची फिल्म दाखवतोय. त्यात माळढोक नाही, माळ आहे. गेटसमोरचा माळ ज्यांना आठवतो, त्यांनी नातवंडांना घेऊन जरूर यावं.