गाव शहर होताना बांध कोणी राखायचा?

(पंचायत सदस्य, ग्रामसेवक व प्राथमिक शिक्षक यांच्यासमोर दिलेल्या भाषणाचा मजकूर)

सन २००१ च्या जनगणनेत गोव्याची ग्रामीण लोकसंख्या ६,७७,०९१ होती. दहा वर्षांनी, २०११ साली, ती ५,५१,७३१ भरली. म्हणजे एका दशकात खेड्यांतली सव्वा लाख माणसे कमी झाली. हा आकडा प्रथमच ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे ओस पडलेली घरे आणि कुलपे लागलेली दारे उभी राहतात. प्रत्यक्षात तसे काही घडले नाही. ही माणसे बहुतांशी आपापल्या घरातच होती. त्यांचे गाव मात्र जनगणनेच्या यादीत खेड्यांच्या पानावरून शहरांच्या पानावर गेले होते. २००१ साली गोव्यात ४४ शहरे व ३५९ गावे नोंदली गेली; २०११ साली शहरे ७० झाली व गावे ३३४ उरली. यांपैकी नगरपालिका अथवा महानगरपालिका असलेली शहरे दोन्ही वेळा १४च होती. वाढलेल्या २६ शहरांत नगरपालिका नाही, मुख्याधिकारी नाही, नगर अभियंता नाही. तेथे पूर्वीचीच ग्रामपंचायत आहे, तोच सचिव आहे व तीच लहानशी कचेरी आहे.

जनगणना खाते एखाद्या गावास शहर ठरविते ते तीन कसोट्यांवर. लोकसंख्या निदान ५,००० असावी, दर चौरस किलोमीटरास निदान ४०० माणसे असावीत आणि मुख्य काम करणाऱ्या पुरुषांपैकी निदान ७५ टक्के शेतीबाहेरच्या उद्योगात असावेत. कळंगुट, कांदोळी, ताळगाव, चिखली, सांकवाळ ही नावे या कसोट्यांवर उतरली, यात नवल नाही. पर्वरीच्या बाबतीत तर हा प्रकार काहीसा गमतीचा आहे. २००० साली राज्याचे नवे विधानसभा संकुल तेथे उभे राहिले; पण त्यानंतरही अनेक वर्षे पर्वरीचा कारभार सुकूर, पेन्ह द फ्रांस यांसारख्या पंचायतींकडेच राहिला. संबंध राज्याचे कायदे जेथे होतात तेथील कचऱ्याचा प्रश्न पंचायतीच्या मासिक बैठकीत सुटावयाचा, अशी ही व्यवस्था.

हे शहरीकरण मुंबई-पुण्याच्या धर्तीचे नाही. तेथे माणूस गाव सोडून शहरात गेला. गोव्यात तो बव्हंशी गावातच राहिला आणि काम मात्र शहरात करू लागला. १९६१ साली गोवा मुक्त झाल्यावर शाळा, सरकारी कचेऱ्या, नवे उद्योग एकामागून एक आले. मांडवीवरचा पूल १९७० साली झाला, झुआरीवरचा १९८३ साली. १९८० साली कदंब परिवहन महामंडळ स्थापन झाले. मांडवीचा तो पूल जुलै १९८६ मध्ये कोसळला आणि नवा पूल १९९२ साली खुला होईपर्यंत पर्वरीपलीकडच्या लोकांना पुन्हा फेरीबोटींचा आधार घ्यावा लागला. पूल नसण्याचा अर्थ काय, हे त्या वर्षांत सर्वांना नव्याने कळले. पुढे १९९८ साली कोकण रेल्वे पूर्णपणे सुरू झाली. अंतरे कमी होताच सकाळी नऊची नोकरी करून संध्याकाळी घरी परतणे सोपे झाले. जमिनीला भाव आला. गावाबाहेरची माणसे राहावयास आली. काहींनी घर घेतले ते वर्षातून पंधरा दिवस येण्यासाठी. १९७१ साली गोव्यातील सुमारे चौथा हिस्सा लोक शहरवासी होते. २००१ साली ते जवळजवळ निम्मे झाले व २०११ साली शेकडा ६२. त्यानंतरची गणना २०२१ साली व्हावयाची होती, ती लांबणीवर पडली. तथापि पुढचा आकडा कोणत्या दिशेने जाईल हे सांगावयास ज्योतिषी नको.

हे सारे वाईटच झाले असे म्हणणे अन्यायाचे होईल. ज्या घरात पूर्वी पावसाळ्याच्या अखेरीस भाताची कणगी तळाशी जात असे, तेथे आज मुलगी पदवीधर आहे. मात्र या बदलात एक गोष्ट नकळत मागे पडली, आणि ती खाजन जमिनीच्या बांधाकडे पाहिले म्हणजे स्पष्ट दिसते.

मांडवी, झुआरी व इतर नद्यांच्या खाडीकाठी सुमारे १८ हजार हेक्टर जमीन अशी आहे की ती भरतीच्या पाण्याच्या पातळीखाली आहे. शेकडो वर्षांपूर्वी गावकऱ्यांनी चिखल, पेंढा व चिरे यांचे बांध घालून ती नदीकडून मिळविली. बांधात ठिकठिकाणी मानशी, म्हणजे लाकडी झडपांची दारे, बसविली. या दारांची रचना साधी, पण फार विचारपूर्वक केलेली आहे. ओहोटीला आतले पाणी दारास बाहेर ढकलते व शेतातील पाणी नदीत जाते. भरती आली की नदीचेच पाणी दार लावून घेते. तेथे इंजिन नाही की वीज नाही. पहिल्या पावसाचे पाणी शेतातला खार धुऊन याच मार्गाने बाहेर नेते आणि मग तेथे कोरगुट, आसगो अशी खारटपणा सोसणारी भाताची वाणे पिकतात. कोरगुटातून निवड करूनच जुने गोवे येथील केंद्रीय तटीय कृषी संशोधन संस्थेने 'गोवा धान' या नावाने सुधारित वाणे तयार केली. मानशीच्या आतल्या बाजूस असलेल्या पोंयीत, म्हणजे खोलगट भागात, पाणी साठते व मासळी वाढते. काही ठिकाणी उन्हाळ्यात मिठागरे चालतात. एकाच जमिनीतून भात, मासळी व मीठ देणारी ही व्यवस्था पाण्याच्या चढउतारावर बेतलेली आहे. दार एक दिवस नीट लागले नाही तरी ती बिघडते.

म्हणूनच तिला राखणदार लागतो. पूर्वी हे काम गावकरीचे, म्हणजे कोमुनिदादीचे, होते. गावची जमीन लिलावाने कसावयास द्यावी, उत्पन्नातून बांध, तळी व वाटा दुरुस्त कराव्यात आणि उरलेले 'जोण' म्हणून गावकारांत वाटून घ्यावे, अशी ती पद्धत. तिच्यात विषमता होती. प्रत्यक्ष कसणाऱ्याच्या पदरी फारच थोडे पडे. १९६४ चा कुळ कायदा व १९७६ ची त्याची पाचवी दुरुस्ती यांनी कसणाऱ्याला जमिनीचा हक्क दिला. हा न्याय फार पूर्वीच व्हावयास हवा होता. परंतु बांध एका शेताचा नसतो, तो संबंध शिवाराचा असतो. कायदा करणाऱ्यांना याची जाणीव होती. म्हणून १९७५ साली कुळांच्या सामाईक जबाबदारीविषयी नियम झाले आणि बांधांच्या देखभालीसाठी कूळ संघटना स्थापन झाल्या. कृषी खात्याचा मृद्संधारण विभाग त्यांच्या मदतीला आहे.

कागदावर ही रचना पुरेशी आहे. ती उभी होती मात्र एका गृहीतावर, की संघटनेचा प्रत्येक सभासद भात पिकवितो. शेतकऱ्याचा मुलगा नोकरीला लागला, शेत चार भावांत वाटले गेले, मजुरी वाढली, वाफे इतके लहान झाले की यंत्र वळेना, आणि हळूहळू शेत पडीक राहू लागले. पडीक शेताच्या मालकास बांधाची चिंता कशाला वाटावी? उलट मानशीच्या मासेमारीची दरवर्षी पावणी होते आणि तिची रक्कम अनेक ठिकाणी भाताच्या उत्पन्नाहून मोठी असते. पावणी घेणाऱ्याचे हित दार उघडे राहण्यात असते, कारण खाऱ्या पाण्याबरोबर मासळी आत येते. भात पिकविणारे बहुसंख्य असताना ते त्याला मर्यादेत ठेवीत. आज एखाद्या शिवारात दोघे-तिघेच भात लावीत असतील, तर त्यांचे ऐकून घेणार कोण?

बांध फुटला म्हणजे जे घडते ते फार लवकर घडते. खारे पाणी शिरले की ते वर्ष गेलेच. जमिनीचा खार उतरावयास पुढचे पावसाळेही लागतात. भगदाड तसेच राहिले तर आत खारफुटी उगवते. खारफुटी हे निसर्गाचे धन आहे आणि कायद्याने तिला संरक्षण आहे, ते योग्यही आहे. पण त्यामुळे एकदा ती वाढली की ते शेत पुन्हा शेत होणे जवळजवळ अशक्य होते. दोन दिवसांच्या कामाची हयगय झाली म्हणजे काही पिढ्यांनी मिळविलेली जमीन जाते ती अशी.

येथे एखादा पंच विचारील की, भात पिकवावयाचेच नसेल तर बांध राहिला काय आणि गेला काय? या प्रश्नाचे उत्तर नव्या घरांत आहे. खाजनाच्या कडेला, उंचवट्याच्या पायथ्याशी, गेल्या चाळीस वर्षांत कितीतरी घरे, बंगले व इमारती उभ्या राहिल्या. त्यांचे अंगण कोरडे राहते ते त्याच बांधामुळे. भरती व मुसळधार पाऊस एकाच वेळी आले की शिवार पावसाचे पाणी धरून ठेवते आणि ओहोटीला ते मानशीतून सोडते. भराव घालून शिवार आटले, तर हेच पाणी तळमजल्यावर येते. विहिरींचेही तसेच. बांध गेला की खार हळूहळू जमिनीखालून सरकतो आणि काठच्या विहिरीचे पाणी मचूळ होते. ज्या कुटुंबाने कधी नांगराला हात लावला नाही ते कुटुंबही या अर्थाने बांधाचे लाभधारक आहे. मात्र संघटनेच्या वहीत त्याचे नाव नाही, आणि बांध कोणत्या दिशेला आहे हे त्याच्या घरच्या मुलांना ठाऊक नसते.

जुन्या बांधकामांत पाण्याचा हा विचार कसा होता याचे उदाहरण पणजीजवळच आहे. पणजी व रायबंदर यांना जोडणारा सेतू सतराव्या शतकात, १६३३-३४ च्या सुमारास, दलदलीतून व मिठागरांच्या कडेने बांधला गेला. सुमारे तीन किलोमीटरांच्या त्या रस्त्यात पाणी जाण्यासाठी कमानी ठेवल्या आहेत. अलीकडे शिवारातून जाणारे कित्येक रस्ते उंच भरावावर होतात आणि खाली एखादा नळ टाकून काम भागविले जाते. नळ गाळाने भरला की एका बाजूचे शेत तळे होते व दुसऱ्या बाजूचे कोरडे पडते. पुढे त्या तळ्यालाच निरुपयोगी जमीन म्हणतात आणि ती भरून टाकावी असा अर्ज येतो.

कायद्यांची उणीव आहे असे नाही. कुळांना मिळालेली जमीन शेतीखेरीज अन्य कामी वापरू नये असा कायदा १९९१ साली झाला. २०११ च्या किनारी नियमनाच्या अधिसूचनेत गोव्याच्या खाजन जमिनींचे नकाशे करावेत व त्यांवर विकासकामे होऊ देऊ नयेत, असे स्वतंत्र कलम आहे. भातशेती बिगरशेतकऱ्यास विकण्यावर २०२३ च्या कायद्याने निर्बंध घातले. प्रादेशिक आराखडा २०११ लोकांच्या विरोधानंतर २००७ साली मागे घेण्यात आला. गावोगावच्या ग्रामसभांनी जमिनीचे नकाशे समोर पसरून चर्चा केली ती त्या काळात. हे सर्व कायदे शेत विकू नका, भरू नका, बांधू नका असे सांगतात. परंतु भगदाड पडले तर रात्री कोणी जावयाचे, हे त्यांपैकी एकही सांगत नाही. विकले न गेलेले, भरले न गेलेले शेतदेखील केवळ दुर्लक्षाने नाहीसे होते.

हे काम आता एकट्या कुळांवर सोपविता येणार नाही. ज्या पंचायतीत भाताचे शेतकरी वीस आणि घरे दोन हजार, तेथे बांधाचा भार त्या विसांनीच का उचलावा? पंचायतीच्या घरपट्टीचा काही भाग, मानशीच्या पावणीच्या रकमेतला ठरावीक हिस्सा आणि कृषी खात्याचे साहाय्य एकत्र येऊन दुरुस्तीचा कायमचा निधी होऊ शकेल. त्यासाठी पावणीच्या अटी ग्रामसभेत वाचल्या गेल्या पाहिजेत: दार कोणत्या महिन्यांत बंद राहील, पाण्याची पातळी कोण पाहील, अट मोडल्यास अनामत कोणाकडे जमा होईल. पावणी घेणारा हा काही गावाचा शत्रू नव्हे. त्याला अट ठाऊक असली आणि ती पाळली जाते की नाही हे पाहणारे कोणी असले, म्हणजे तोही चांगला राखणदार होतो.

ताळगावात दरवर्षी २१ ऑगस्टला नव्या कणसांचे फेस्त होते. हिंदू घरांतही चतुर्थीच्या सुमारास नवे भात आणून पूजण्याची रीत आहे. शहर झालेल्या गावांनी हे सण सोडलेले नाहीत, आणि ही आशेची गोष्ट आहे. ज्या मुलांच्या हाती त्या दिवशी कणीस दिले जाते त्यांना शिक्षकांनी एकदा ओहोटीच्या वेळी मानशीवर न्यावे. पाणी दार कसे ढकलते हे पाहावयास अर्धा तास पुरतो. सातवीच्या मुलांकडून गावातील बांध, मानशी, नाले व तळी यांचा नकाशा काढून घेता येतो. असा नकाशा पुष्कळ पंचायतींच्या कचेरीतही आढळत नाही.

पावसाळ्यापूर्वी करावयाची कामे थोडी आहेत व ती जुन्या माणसांना पाठ आहेत. मे महिन्यात बांधावरून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालत जावयाचे. कुर्ल्यांनी पाडलेली भोके चिखलाने बुजवावयाची. मानशीच्या कुजलेल्या फळ्या बदलावयाच्या, रस्त्याखालच्या नळांतला गाळ काढावयाचा. आणि जूनमधील अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीच्या रात्री मानशीवर कोण थांबेल, त्या दोन माणसांची नावे पंचायतीच्या फलकावर अगोदरच लिहून ठेवावयाची.