तळ्याकाठची वाट



वसंतातले व्याख्यान म्हणजे वक्त्याची परीक्षाच. बाहेर उकाडा, आणि श्रोत्यांचे निम्मे लक्ष घरच्या आंब्याच्या पेटीकडे. म्हणून मी आंब्यापासूनच सुरुवात करतो. देवगडचा हापूस ज्या वाटांनी सह्याद्री चढून आपल्याकडे येतो, त्यांतली एक फोंडा घाटाची. हाच देवगड-निपाणी राज्यमार्ग. घाट संपला की दाजीपूर लागते आणि तिथून राधानगरीकडे येताना रस्ता एका विस्तीर्ण तळ्याची सोबत धरतो. नकाशावर हा तुकडा बोटाच्या पेराएवढाही भरत नाही. आज मला बोलायचे आहे ते त्या पेराएवढ्या रस्त्याविषयी.

हे तळे देवाने दिलेले नाही, माणसाने बांधलेले आहे. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात शाहू महाराजांनी भोगावती नदी अडवण्याचे काम सुरू केले. दुष्काळ त्यांनी डोळ्यांनी पाहिला होता. या जलाशयाला महाराणी लक्ष्मीबाईंचे नाव मिळाले आणि जवळच्या गावाला राजकन्या राधाबाईंचे. पैशाची ओढाताण झाली, काम रखडले. १९२२ साली महाराज निवर्तले तेव्हा धरण अपुरेच होते. पुढे राजाराम महाराजांच्या कारकिर्दीत ते पुन्हा हाती घेतले गेले आणि स्वातंत्र्यानंतर पुरे झाले. आज त्यात सुमारे आठ अब्ज घनफूट पाणी मावते. धरणाचे सात दरवाजे माणसाने उघडावे लागत नाहीत. तळे भरले की पाण्याच्याच दाबाने उघडतात आणि पातळी उतरली की आपोआप मिटतात. भोगावतीकाठचा ऊस या पाण्यावर उभा आहे. ‘दोन दरवाजे उघडले’ अशी बातमी आली की पंचगंगेच्या घाटावरचा माणूस पावले मोजू लागतो. १९५८ साली याच भागात दाजीपूरचे गव्यांचे अभयारण्य झाले. १९८५ मध्ये ते वाढून राधानगरी अभयारण्य झाले आणि २०१२ साली पश्चिम घाटाबरोबर जागतिक वारशाच्या यादीत गेले.

आता रस्त्याची अडचण ऐका. त्याच्या एका अंगाला रान आहे, दुसऱ्या अंगाला पाणी. चरायला रान आणि प्यायला तळे, अशी ज्याची गरज, त्याला मधला रस्ता ओलांडावाच लागतो. आपण म्हणतो, ‘गवा रस्त्यात आला.’ गव्याला बोलता आले असते तर तो म्हणाला असता, ‘रस्ता माझ्या पाणवठ्यात आला!’

एकदा मी या वाटेने एस.टी.ने येत होतो. दिवेलागणीची वेळ. एका वळणावर चालकाने गाडी थांबवली आणि इंजिन बंद केले. आम्हां प्रवाशांना काहीच दिसेना. मग अंधारातून नुसते पांढरे पाय चालताना दिसले. गव्याचे अंग काळेभोर आणि गुडघ्यांखाली पाय पांढरे; रात्री आधी दिसतात ते पायच. मागच्या मोटारीने कर्णा वाजवायला सुरुवात केली. आमचा चालक खाली उतरला, मोटारीपाशी जाऊन एवढेच म्हणाला, “साहेब, जरा थांबा. त्यांच्यात लेकरू हाय.” कळप गेला, आणि आम्हीही निघालो. कोणालाच उशीर झाल्यासारखे वाटले नाही.

रस्ता रुंद करावा, सरळ करावा, ही मागणी अधूनमधून होते. ती मी हसण्यावारी नेणार नाही. तळ्याकाठच्या वाडीवस्तीतल्या बाळंतिणीला रात्री दवाखाना गाठायचा असतो. तिला रानाच्या सौंदर्याची व्याख्याने ऐकवू नयेत. पण तिला हवा आहे तो भर पावसात न खचणारा रस्ता: मोऱ्या मोकळ्या, कडा पक्क्या, खड्डे बुजवलेले. खात्रीचा रस्ता आणि वेगाचा रस्ता, या दोन निराळ्या गोष्टी आहेत. वेगाचा हिशेब मांडून पाहा. वीस किलोमीटर अंतर ताशी साठच्या वेगाने वीस मिनिटांत होते, ताशी चाळीसच्या वेगाने तीस मिनिटांत. म्हणजे भांडण दहा मिनिटांचे! त्यासाठी डोंगराची कड कापली तर सुटलेली माती पावसात जायची कुठे? खाली तळ्यातच. जितकी माती आत शिरेल, तितके पाणी बाहेर राहील. ज्या तळ्यासाठी एका राजाने उमर खर्ची घातली, ते आपण दहा मिनिटांपायी थोडे थोडे बुजवायचे का?

पावसाळा आला की आपल्यापैकी पुष्कळ जण राऊतवाडीचा धबधबा पाहून दाजीपूरकडे वळतील. तेव्हा माझ्या तीनच विनंत्या आठवा. सूर्य मावळल्यावर त्या वाटेने सावकाश जा. कर्णा वाजवू नका. आणि नेलेले कागद, बाटल्या घरी परत आणा. तिथे टाकलेले उतारावरून तळ्यात जाते आणि तळ्यातले आज ना उद्या पंचगंगेवाटे आपल्याच दारी येते.

रस्ता सरकारचा असतो हे खरे. पण त्यावरून जायचे कसे, हे मात्र आपल्या हाती असते.  आता घरी जा. आंबे वाट पाहत आहेत.